कचेरी रस्त्यावरचे करंज

१९८७ च्या एप्रिलात चंद्रपूरच्या कचेरी रस्त्यावरचे एकोणीस करंज तोडायचं पत्र निघालं, ते मीच टाइप केलं होतं. मी कमला, नगरपालिकेच्या बांधकाम विभागात टायपिस्ट. पत्र पाच ओळींचं होतं. झाडे वाळलेली व धोकादायक असून पावसाळ्यापूर्वी ती काढून टाकावीत, असा मजकूर. तीन प्रती काढल्या, साहेबांची सही घेतली आणि जेवायला घरी गेले. गेले त्याच रस्त्यानं, पण मान वर करून पाहिलं नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढं जे झालं त्याचं श्रेय कुणी चुकून मला देऊ नये.

श्रेय मनकर्णाबाई दुर्गे यांचं. नगरपालिकेच्या रोपवाटिकेत पिशव्यांत माती भरण्यापासून त्यांनी सुरुवात केली आणि दहा वर्षांनी तिथल्याच मुकादम झाल्या. बाई मुकादम झाल्याचं आमच्या ऑफिसात ते पहिलंच उदाहरण. हाताखाली सात बाया. वय बेचाळीस, शिक्षण चौथी, अंग काटक. जन्म वैनगंगेच्या पलीकडचा, आता गडचिरोली जिल्ह्यात मोडतं त्या गावातला. बाप जंगलात कूपतोडीच्या, म्हणजे सरकारी लाकूडतोडीच्या कामावर होता, आणि त्याच्या मागं मागं फिरत त्यांचं लहानपण गेलं. कोणत्या झाडाचं बी कधी फुटतं, कोणाला सावली लागते, कोणाला लागत नाही, हे त्यांना विचारायचं. आमचे साहेबही विचारत.

कचेरी रस्ता त्या वेळी शहरातल्या वर्दळीच्या रस्त्यांपैकी एक होता. वीज केंद्र सुरू झालं, कोळशाचे ट्रक वाढले, माणसं वाढली, तसा तीन वर्षांपूर्वी तो रुंद केला. डांबर झाडांपर्यंत आलं, आणि उरलेल्या जागेत कंत्राटदारानं बुंध्याला चिकटवून सिमेंटचा ओटा घातला. रस्ता स्वच्छ दिसू लागला, सगळ्यांना आवडला. पुढच्या वर्षी करंजांचे शेंडे वाळले. त्याच्या पुढच्या वर्षी निम्म्या फांद्या उघड्या पडल्या, आणि १९८७ च्या फेब्रुवारीत एक फांदी तुटून उभ्या रिक्षावर पडली. रिक्षावाला चहाला गेला होता म्हणून वाचला. मग पत्र निघालं.

पत्राची एक प्रत मनकर्णाबाईंकडे गेली. तोडायच्या झाडांवर लाल रंगानं आकडे टाकायचे, एवढंच त्यांचं काम. ते त्यांनी एका सकाळीत केलं. दुसऱ्या दिवशी त्या जिना चढून वर आल्या आणि माझ्या टेबलापाशी उभ्या राहिल्या. दहा-बारा वर्षांत त्या कधी वर आल्या नव्हत्या. साहेबांना भेटायचं म्हणाल्या.

साहेब म्हणजे निकम, नाशिककडचे, वय तिशीचं, बोलायला सरळ. त्यांनी आत बोलावलं. दार उघडंच होतं, मला सगळं ऐकू येत होतं.

"साहेब, आकडे टाकले," मनकर्णाबाई म्हणाल्या. "पन सगळे झाडं मेले नाई."

ते कशावरून, असं साहेबांनी विचारलं.

"एकेकाची साल नखानं खरवडून पाह्यली. खाली हिरवं हाय. सिमेटानं त्याईचा दम घुटून राह्यला. वरून पानी जात नाई, खालून हवा निंघत नाई. तुमच्या तोंडावर कोनी उशी दाबली तं तुमी किती दिस काढसान?"

माझे हात टाइपरायटरवर थांबले. साहेबांशी असं कुणी बोलत नसे. पण निकम साहेब रागावले नाहीत. त्यांनी शांतपणे सांगितलं की साल हिरवी असली तरी आतून झाड पोखरलेलं असू शकतं. ते बाहेरून दिसत नाही. उद्या फांदी रिक्षाऐवजी माणसावर पडली, तर उत्तर कोण देणार?

साहेबांचं म्हणणं खरं होतं, आणि खऱ्या गोष्टीवर वाद घालायची मनकर्णाबाईंची रीत नव्हती. त्या म्हणाल्या, "पोकळ कोनतं अन् भरीव कोनतं, हे सांगनारा मानूस माह्या घरीच हाय."

तो माणूस म्हणजे त्यांचे यजमान, शालिकराम. गावाबाहेरच्या आरामशीनवर त्यांची वीस वर्षं गेली होती. ओंडका पात्याखाली घालण्याआधी तो ठोकून पाहायचा, आवाज ऐकायचा आणि आत काय आहे ते ओळखायचं, हे त्यांचं काम. ते चुकलं तर पातं तुटतं, कधी माणसाचा हातही जातो. रविवारी त्यांना घेऊन येते, असं सांगून बाई गेल्या. साहेबांनी मला वही घेऊन यायला सांगितलं.

रविवारी सकाळी सातला आम्ही चौघं कचेरी रस्त्यावर होतो. मनकर्णाबाई लाकडी मोगरीनं बुंध्यावर ठोका द्यायच्या. शालिकरामभाऊ पलीकडून कान लावून डोळे मिटायचे. एका झाडाला दहा-बारा जागी ठोके. मग ते एकच शब्द बोलायचे, भरीव किंवा पोकळ. मी आकड्यापुढं तो लिहायची. पहिल्या दोन झाडांना मला काहीच फरक कळला नाही. पाचव्याला कळू लागला. भरीव झाडाचा ठोका तिथल्या तिथं बसायचा, पोकळाचा आत कुठंतरी फिरून यायचा.

अकरा नंबरपाशी फार वेळ लागला. भाऊंनी तीनदा कान लावला. बाई म्हणाल्या, अजून एकदा पहा. त्यांनी पाहिलं, आणि पोकळ म्हणाले. बाईंनी स्वतः कान लावून ऐकलं आणि मान डोलावली. मी पोकळ लिहिलं.

बारा वाजेस्तोवर हिशेब लागला. सहा पोकळ, तेरा भरीव. निकम साहेबांनी सहा तोडायला सांगितले आणि तेरांना एक वर्ष दिलं. फाइलवर हे कुणाच्या जबाबदारीवर लिहू, असं त्यांनी शालिकरामभाऊंकडे पाहून विचारलं, तेव्हा बाई मध्ये बोलल्या. "नाव माह्यं टाका, साहेब. झाडं माह्या खात्याचे हायेत. त्याईले काऊन मंधात घेता?" साहेबांनी नाव टाकलं. ती टिपणी मी टाइप केली, आणि त्या कागदावर 'श्रीमती मनकर्णा शालिकराम दुर्गे, मुकादम' ही ओळ उमटली तेव्हा मी एक अक्षरही चुकू दिलं नाही.

मेच्या पहिल्या आठवड्यात सहा झाडं पडली. मनकर्णाबाई सहाही वेळा तिथं उभ्या होत्या. पाच झाडं आतून संपलेली निघाली. बुंध्यात खांद्यापर्यंत हात जाईल एवढी पोकळी, आणि त्यात उधईची, म्हणजे वाळवीची, माती गच्च भरलेली. करवतीखाली ती धुळीसारखी उडाली. अकरा नंबर मात्र शेवटपर्यंत भरीव निघाला. कापलेला भाग ओलसर आणि दाट होता, एका बाजूला फक्त वीतभर जुनी जखम. त्या जखमेनंच आवाज फसवला होता.

शालिकरामभाऊ त्या ओंडक्यावर बसून राहिले. वीस वर्षांत त्यांचा कान फसला नव्हता. बाई त्यांच्याशेजारी जाऊन बसल्या. म्हणाल्या, "मी पन ऐकलं होतं. चूक दोघाईची हाय." मग उठून तशाच ऑफिसात आल्या आणि साहेबांना सांगितलं की अकरा नंबर चांगला होता, तो आम्ही चुकीनं पाडला.

हे सांगायची त्यांना काही गरज नव्हती. लाकूड दुपारपर्यंत उचलून नेलं जाणार होतं, आणि त्या ओंडक्याकडे कुणी ढुंकूनही पाहिलं नसतं. मला वाटतं, निकम साहेबांचा त्यांच्यावर खरा विश्वास बसला तो त्या दिवशी. त्यांनी एवढंच विचारलं की एक भरीव झाड पोकळ वाटलं, तसं एखादं पोकळ झाड भरीव वाटलं असेल तर?

"असू शकते," बाई म्हणाल्या. "म्हनून पावसाच्या आधी वरचा वाळला भार उतरवा लागते. झाड हलकं असलं तं वाऱ्यात टिकते."

झाडावर चढून फक्त वाळलेलं तोडायचं आणि हिरव्याला हात लावायचा नाही, असं काम करणारा माणूस आमच्याकडे नव्हता. तोडणारे मजूर होते, पण त्यांना अख्खं झाड आडवं करायची सवय. म्हणून मनकर्णाबाई स्वतः चढल्या.

ती सकाळ मला स्वच्छ आठवते. लुगड्याचा काचा घट्ट मारलेला, कमरेला दोर, पाठीशी लहान कुऱ्हाड. दोराचं दुसरं टोक खाली शालिकरामभाऊंच्या हातात. त्यांनी ते आपल्या कमरेभोवती एक वेढा देऊन धरलं होतं आणि नजर वरून हलवत नव्हते. बाई फांदीवर पालथ्या होऊन सरकायच्या, वाळलेल्या फांदीची मुळाशी साल खरवडायच्या, खात्री करायच्या आणि मगच घाव घालायच्या. फांदी तुटायच्या आधी वरून आवाज द्यायच्या. रस्त्यावर गर्दी जमली. सायकलदुरुस्तीचं दुकान चालवणारा मुखरू म्हणाला की बाईमाणसानं झाडावर चढलेलं मी आजवर पाहिलं नाही. त्याच्या शेजारची गोकुळा भाजीवाली म्हणाली, "आता पाह्यलं ना. मंग सायकल पाह्य." लोक हसले, पण हटले नाहीत.

तेरा झाडांना नऊ दिवस लागले. पहाटे सुरू करायचं आणि दहाला उतरायचं, कारण त्यानंतर चंद्रपूरचं ऊन माणसाला फांदीवर बसू देत नाही. मी रोज ऑफिसला जाताना थांबायची. एकदा त्या उतरून पाणी पीत बसल्या असताना मी विचारलं की या रस्त्यासाठी तुम्ही एवढं का करता. त्यांनी सांगितलं की छप्पन साली धर्मांतरासाठी बाप त्यांना घेऊन पायी चांद्याला, म्हणजे चंद्रपूरला, आला होता. तेव्हा त्या अकरा वर्षांच्या. माणसांना गावात जागा पुरली नाही, तेव्हा त्यांच्या गावचे लोक याच करंजांखाली दोन दिवस राहिले होते. भाकरी इथंच भाजल्या, झोपले इथंच. माझे वडीलही त्या दिवशी चांद्यात होते, म्हणून माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मी म्हटलं, म्हणजे त्यासाठी करता.

"नाई वं," त्या म्हणाल्या. "साल खाली हिरवी होती म्हनून करतो. ते दिस नसते आले तरी केलं असतं."

वरचं काम झालं, तरी खरं काम खालचं होतं. सिमेंट फोडायचं होतं. त्याला दुकानदार राजी नव्हते. ओटा फोडला की चिखल होईल, गिऱ्हाईक येणार नाही, असं सगळ्यांचं म्हणणं. सर्वांत जास्त मुखरूचं, कारण त्याच्या सायकली सात नंबरच्या बुंध्याला टेकून ओट्यावर उभ्या असत. बाई वाद घालायला थांबल्या नाहीत. त्या मुखरूला म्हणाल्या की फक्त तुझ्या दुकानापुढचं एक झाड मोकळं करते. चिखल तुझ्या दुकानात आला, तर मी स्वतः घमेलं घेऊन पुन्हा सिमेंट घालून देईन. मुखरू नाइलाजानं हो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सात बाया घण आणि सबली, म्हणजे पहारी, घेऊन आल्या. पहिला तुकडा उलटला तेव्हा सगळे वाकून पाहू लागले, मीही. सिमेंटच्या खालच्या बाजूला बारीक मुळं चिकटून वर आली होती. एकात एक विणल्यासारखी, केसांएवढी, वाळून तपकिरी झालेली. हवेसाठी वर येऊन ती तिथं अडली होती. खालची माती राखेसारखी कोरडी होती आणि तिला कोंदट वास मारत होता. मुखरूनं तो तुकडा हातात घेतला, मुळांवरून बोट फिरवलं आणि दुकानात गेला. परत आला तो स्वतःची सबल घेऊन. आठ नंबर त्यानंच फोडायला घेतला. तो फोडतोय म्हटल्यावर बाकीच्यांचा विरोध संपला.

प्रत्येक बुंध्याभोवती चारी बाजूंनी चार-चार फूट जागा मोकळी केली. बाईंनी कुणाला टिकाव मारू दिला नाही. माती बोटांनी आणि खुरप्यानं सैल करायची, मूळ तुटता कामा नये, अशी ताकीद. मग थोड्या थोड्या अंतरावर सबलीनं हातभर खोल भोकं पाडली आणि त्यात वाळू आणि जुनं शेणखत भरलं. वर पालापाचोळा अंथरला. पाणी बुंध्याशी ओतायचं नाही, कडेनं फिरवायचं. ते रोज संध्याकाळी टँकरनं यायचं, आणि टँकर चुकला त्या दिवशी गोकुळा भाजीवाली आपली बादली रिकामी करायची.

जूनच्या दुसऱ्या आठवड्यात दुपारी वादळ आलं. ऑफिसच्या खिडक्या आपटल्या, अंधारून आलं, समोरचे पत्रे उडाले. अर्ध्या तासात शहरात चौदा झाडं पडल्याचे निरोप आले. रामाळा तलावाच्या बाजूचा एक मोठा गुलमोहर मुळासकट उलटला होता. प्रत्येक निरोपाला निकम साहेब माझ्याकडे पाहायचे, आणि मी नकारार्थी मान हलवायची. कचेरी रस्त्याचा निरोप आला नव्हता. शेवटी त्यांना राहवेना. आम्ही जीपनं निघालो.

मनकर्णाबाई आमच्या आधी पोचल्या होत्या. ओल्या अंगानं एका झाडावरून दुसऱ्याकडे जात होत्या, बुंध्याला तळवा लावून वर पाहत होत्या. सोळा नंबरची एक फांदी मोडून रस्त्याच्या कडेला पडली होती, खाली कुणी नव्हतं. पण तेराही झाडं उभी होती. साहेब जीपमधून उतरले आणि भर रस्त्यात त्यांनी बाईंना हात जोडले. बाईंना काय करावं सुचेना, म्हणून त्यांनी सोळा नंबरच्या फांदीचं सांगायला सुरुवात केली.

पावसाळा गेला, हिवाळा गेला. वर्ष पुरं व्हायला आलं. मार्चमध्ये करंजांनी पानं टाकली तेव्हा मला धास्ती वाटली, पण त्या म्हणाल्या, ही त्याची रीतच आहे, थांब. एप्रिलात एका आठवड्यात रस्ता बदलला. कोवळी, चकचकीत पानं, इतकी दाट की वरची वायर दिसेना. तेरांपैकी अकरा झाडं पूर्ण फुटली. तीन आणि सोळा नंबर फुटले नाहीत. ते काढून टाका, असं बाईंनी स्वतःच येऊन सांगितलं, आणि त्या जागी रोपवाटिकेतले दोन करंज लावले. मे महिन्यात मुखरूच्या दुकानापुढं पांढऱ्या-जांभळ्या फुलांचा सडा पडायचा. तो सायकलींवरची फुलं झटकायचा आणि गिऱ्हाइकांना सांगायचा की हे सात नंबरचं झाड मी वाचवलं. बाई ऐकायच्या आणि हसायच्या. त्याचं खोटं नव्हतं.

त्या उन्हाळ्यात निकम साहेबांनी एक आदेश काढला. शहरात कुठल्याही नव्या रस्त्याच्या कामात झाडाभोवती चार फूट जागा मातीची ठेवायची, नाहीतर काम पास होणार नाही. तोही मीच टाइप केला. आदेशात 'वृक्षाभोवतीची मोकळी जागा' असे शब्द आहेत. पण रस्त्यावर काम करणारे मजूर ते म्हणत नाहीत. ते म्हणतात, इथं मनकर्णाबाईचं आळं सोडा. नव्यानं आलेला मजूरही तेच म्हणतो, आणि मनकर्णाबाई कोण हे त्याला ठाऊकही नसतं.

पुढच्या वर्षी निकम साहेबांची गडचिरोलीला बदली झाली. नवा जिल्हा, नवं मुख्यालय, सगळीकडे रस्त्यांची आखणी चाललेली. तिथून त्यांचं पत्र आलं की मनकर्णाबाईंना तीन दिवसांसाठी पाठवा, आणि लिहून घ्यायला कमलाबाईंना. आम्ही दोघी जीपमध्ये मागं बसलो. वैनगंगेचा पूल लागला तेव्हा त्या खिडकीकडे सरकल्या आणि पाणी संपेपर्यंत बाहेर पाहत राहिल्या.

गडचिरोलीत एका आखलेल्या रस्त्यावर निकम साहेब आणि चार-पाच ओव्हरसियर नकाशा उघडून उभे होते. रस्त्याच्या मधोमध जुने मोह होते, आणि कुणाला ठेवायचं, कुणाला नाही, ते ठरत नव्हतं. बाईंनी नकाशा पाहिला नाही. त्या सरळ झाडांकडे गेल्या, साल खरवडली, ठोकून ऐकलं, आणि गेरूनं खुणा करत पुढं निघाल्या. ओव्हरसियर मागं मागं. तीन मोहांसाठी त्यांनी रस्ता डावीकडे सरकवायला लावला, आणि दोन मोह तोडायला परवानगी दिली. ओव्हरसियरांपैकी सर्वांत तरुण होता त्यानं विचारलं की तुमच्या चंद्रपूरसारखी चार फूट जागा सोडायची ना.

बाईंनी दोन्ही हातांनी मोहाच्या बुंध्याला कव घालून पाहिली. "चार करंजाले पुरते," त्या म्हणाल्या. "मोहाले सहा द्या."

त्यानं साहेबांकडे पाहिलं. साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी वहीत सहा लिहिलं, आणि बाई पुढच्या झाडाकडे निघाल्या.